बिस्किटाच्या डब्यातली चिठ्ठी

हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही. नवऱ्याला नाही, सख्ख्या बहिणीला नाही. तुम्हाला का सांगतेय? माहीत नाही. ऐकून घ्या, एवढंच.

कोथरूडच्या एका शाळेत मी मराठी शिकवायचे. शिक्षकांच्या खोलीत माझ्या शेजारी शमा बसायची — शेख बाई, चित्रकलेच्या. तिचं माहेर पुण्याचं, सासर पुण्याचं, चार पिढ्यांपासून. तरी पाकिस्तानशी क्रिकेटचा सामना झाला की दुसऱ्या दिवशी कुणीतरी विचारायचंच, "काय शेख बाई, पेढे कुठायत?" सगळे हसायचे. सगळ्यांत आधी शमा हसायची. एकदा तिने मला त्याचं कारण सांगितलं — आपण आधी हसलो की बाकीच्यांचं लवकर आटोपतं. मग म्हणाली, "एकदा तू म्हण ना गं, पुरे आता. तुझं ऐकतील." मी हो म्हटलं.

म्हटलं का कधी? नाही. माझ्या जिभेचा शाळेत दरारा होता, एका वाक्यात कुणालाही गप्प करायचे मी — आणि नेमकी त्या वेळी डब्यातली भाजी चिवडत बसायचे. बोलले ते सावंत सर. लोणी काळभोरहून यायचे, खेळ शिकवायचे, एरवी दिवसभरात चार शब्द बोलतील तर शपथ. एक दिवस डबा बंद करून म्हणाले, "बास करा की आता. यात हसण्यासारखं काय हाय?" सगळे आपापल्या डब्यांकडे वळले. शमाने त्यांच्याकडे पाहिलं, आणि मला राग आला. सरांचा! माझं काम त्यांनी केलं म्हणून? की ते किती सोपं होतं हे दिसलं म्हणून?

मुद्द्यावर येते. येववत नाही, पण येते.

स्नेहसंमेलनात आमच्याकडे शिक्षकांवरही फिशपॉन्ड असायचे. आठवडाभर टेबलावर बिस्किटाचा रिकामा डबा ठेवलेला असायचा. ज्याची थट्टा करायची त्याच्या नावाने एक ओळ लिहून आत टाकायची, स्वतःचं नाव घालायचं नाही. मग त्या चिठ्ठ्या सगळ्यांसमोर वाचायच्या. माझ्या दरवर्षी गाजायच्या. त्या वर्षीची एक मी डाव्या हाताने लिहिली.

"शेख बाई, तिरंगा काढताना तुमचा हिरवा रंगच आधी कसा संपतो?"

ओळ कधी सुचली सांगू? पोळ्या लाटताना. सुचली तेव्हा मी स्वतःशीच हसले होते.

सभागृह खदखदून हसलं — मुलं, पालक, मुख्याध्यापक. मीही. शमा या वेळी आधी हसली नाही. नंतरही नाही. तिने माझा हात घट्ट धरला.

दुसऱ्या दिवशी तिने विचारलं, कुणी लिहिलं असेल गं? मी म्हटलं, चिठ्ठी पाहिली मी, अक्षर सावंत सरांसारखं वाटलं. इतक्या सहज — जणू भाजीचा भाव सांगावा. दुसरं नाव नव्हतं का? होतं की. मी तेच घेतलं.

सर निवृत्त होईपर्यंत तिला रोज नमस्कार करायचे, ती मान फिरवायची. त्यांनी कधी कारण विचारलं नाही. त्यांच्या निरोप समारंभालाही ती आली नाही. पंधरा ऑगस्टला शाळेच्या दारात तिरंग्याची मोठी रांगोळी तीच काढायची. तीही बंद झाली. हात दुखतो म्हणाली.

आता सावंत सर नाहीत. आम्ही दोघी निवृत्त. रमजान ईदला शमा रिक्षा करून येते, शीरखुर्म्याचा डबा घेऊन. या वर्षीही आली. म्हणाली, "त्या शाळेत माझं म्हणावं असं तूच एक होतीस."

मी शीरखुर्मा खाल्ला. डबा घासला, पुसला. रिकामा परत द्यायचा नसतो, म्हणून त्यात साखर घातली आणि तिच्या हातात दिला.