पावणेदोन मीटरचा घागरा

आमच्या घरातली पहिली ग्रॅज्युएट मी. हे मी सांगते, लपवत नाही. आई तिसरीपर्यंत शिकली आणि भोईवाड्यातल्या चाळीत अजून ब्लाउज शिवते, मी बी.कॉम. झाले. म्हणून लेक सहावीत गेल्यावर मी जाहीर करून टाकलं, हिला ट्यूशन नको, अपूर्णांक मी शिकवणार.

लेक इंग्रजी माध्यमात. नुसते गुणाकार फटाफट करायची, पण शब्दांतलं उदाहरण आलं की पेन्सिल चावत बसायची. गुणायचं की भागायचं, हेच कळायचं नाही. मी तिला युक्ती दिली. "जिथे 'ऑफ' दिसेल तिथे गुणाकार. थ्री-फोर्थ्स ऑफ टू, म्हणजे पाऊण गुणिले दोन. उत्तर दीड. जास्त डोकं लावायचं नाही."

तिने माझं ऐकलं. तिथेच गडबड झाली.

चाळीच्या पूजेला सहा मुलींचा नाच बसवला होता, त्यात आमची लेकही होती. घागरे आई शिवणार होती. तिने मुलींची मापं घेतली आणि नातीला फोनवर सांगितलं, "एका घागऱ्याला पावणेदोन मीटर. सहा जणींचं किती ते काढ, आणि आईला घेऊन हिंदमाताच्या कापडबाजारात जा."

लेकीने वही पुढे केली. दीड गुणिले सहा, बरोबर नऊ. मी टिक केलं, वर 'गुड' लिहिलं. दीड कुठून आला, हे विचारलंच नाही.

दुकानात छान मोरपंखी कापड मिळालं. दुकानदार म्हणाला, "ताई, तागा संपत आलाय. उरलेलं पण घेऊन टाका, हा रंग परत नाय मिळणार."

"नऊ म्हणजे नऊ," मी म्हणाले. "आम्ही हिशोब करून आलोय."

आईने कापड हातात घेतलं आणि टेप लावायच्या आधीच म्हणाली, "हे साडेदहा नाही."

"नऊ आहे."

"नऊ कुठून आलं?"

लेक म्हणाली, "आजी, पाऊण म्हणजे थ्री-फोर्थ्स ना? मग पावणेदोन म्हणजे थ्री-फोर्थ्स ऑफ टू. म्हणजे दीड."

"अगो बाय, पावणेदोन म्हणजे दोनाला पाव कमी. पावणेदोन वाजले की तुझ्या घड्याळात दीड वाजतो काय?"

"माझ्या घड्याळात वन फॉर्टी-फाइव्ह येतं."

आई माझ्याकडे वळली. "आणि तू काय बघितलंस गं, बी.कॉम.?"

"गुणाकार बघितला. गुणाकार बरोबर होता."

"सहा दुणे बारा. त्यातून सहा पाव गेले, म्हणजे दीड. साडेदहा. याला पेन्सिल कशाला लागते?"

मी तशीच हिंदमाताला पळाले. उरलेलं कापड कोणीतरी नेलं होतं. परत आले तर लेक शिलाई मशीनजवळ खाली मान घालून बसलेली. नऊ मीटरमध्ये पाचच घागरे होत होते. सगळ्यांचा घेर कमी केला तर गिरकी घेताना ते फुलले नसते, आणि सगळा नाच गिरक्यांचाच. ती हळूच म्हणाली, "मी नाही नाचत. चूक माझी आहे."

"चूक तुझ्या मास्तरणीची आहे," आई म्हणाली आणि मला म्हणाली, "पदवी घ्यायला नेसली होतीस ना, ती लाल साडी आण."

"ती कापणार?"

"मग? कपाटात ठेवून तिला काय दुसरी पदवी मिळणार आहे?" नातीकडे वळून तिने विचारलं, "एकेका घागऱ्याच्या घेरात पाव मीटरची लाल कळी, म्हणजे उभी पट्टी, घालू. सहा घागऱ्यांना किती?"

लेकीने वहीकडे हात नेला आणि मागे घेतला. पंख्याकडे बघत ओठांतल्या ओठांत काहीतरी मोजलं.

"सहा पाव. दीड मीटर."

"काप मग," आई मला म्हणाली आणि कात्री माझ्याच हातात दिली.

पूजेच्या संध्याकाळी सहाही घागरे फुलले. प्रत्येक गिरकीला आतला लाल रंग उघडायचा आणि मिटायचा. शेजारच्या काकू आईला विचारत होत्या, डिझाइन कुठून आणलं.

"आमच्या ग्रॅज्युएटच्या हिशोबातून," आई म्हणाली.

साडी परत कपाटात आहे. साडेपाचातून दीड गेले, चार मीटर उरली. हे मी तोंडी केलं.