चावडीतला अंगठा

अक्षर वाकडं आहे, लिहिण्यात चुका असतील, माफ करावं. शिक्षण चौथी. त्यात आजऱ्याला अठरा वर्षं काजू सोलले. टरफलाच्या तेलानं बोटं भाजतात, कातडी काळी पडते. पेन नीट धरता येत नाही.

याच बोटांना तलाठी हसला होता.

वडील वारले तेव्हा दादा मला न्यायला आला. "वारसाची नोंद करायची हाय, चल." मला वाटलं, शेताला माझं नाव लागणार. चावडीत दादा आणि गावातले चौघे खुर्च्यांवर. मला कुणी बस म्हणालं नाही. तलाठ्यानं माझा हात ओढला, उलटासुलटा बघितला.

"हिचा अंगठा तर काळाच हाय की. सरकारची शाई वाचली."

सगळे हसले. दादाही.

मला सही येत होती. "मी सही करते," एवढंच म्हणायचं होतं. तीनच शब्द. पण इतक्या पुरुषांसमोर तोंड उघडलं नाही. कागदावर काय लिहिलंय तेही विचारलं नाही. तलाठ्यानं माझा अंगठा शाईत बुडवून कागदावर दाबला.

घरी वहिनीनं हातात साडी आणि पाचशे एक रुपये ठेवले. बहिणीनं जमिनीतला वाटा सोडला की तिला साडीचोळी देतात, हे आमच्याकडं शेंबड्या पोरालाही ठाऊक. मी मात्र मनाला सांगितलं, दुखवट्याची असेल. नेसले. पैसे पोरीच्या दप्तरा-पुस्तकांत गेले.

सात वर्षांनी नवरा गेला. दिरानं आम्हा मायलेकींना घराबाहेर काढलं. माहेरी येऊन दादाला म्हटलं, शेतातल्या माझ्या वाट्यात एक खोली बांधते. तो जेवत होता. मान वर न करता म्हणाला,

"कुठला वाटा? तू सोडलीस की. साडी नेसलीस न्हवं?"

तालुक्याला जाऊन फेरफाराची नक्कल काढली. सातबाऱ्यावरचं नाव का बदललं, ते त्यात लिहिलेलं असतं. एस.टी. स्टँडवर बसून एकेक अक्षर लावत वाचली. बहिणीने स्वखुशीने हक्क सोडला आहे. निरक्षर असल्याने अंगठा घेतला.

स्वखुशीने. निरक्षर. पुन्हा पुन्हा वाचलं. चौथी पास झाले तेव्हा वडिलांनी बाजारातून शाईचं पेन आणलं होतं. गाडी आली, गेली. मी उठले नाही.

दुसऱ्या दिवशी शाळेतून चौथी पासचा दाखला काढला आणि प्रांत कचेरीत अपील केलं. कारकुनानं शाईचा डबा पुढं सरकवला. "बाई, हितं अंगठा."

मी डबा मागं सारला. "सही करते."

वेळ लागला. मागच्या रांगेतला कुणी म्हणाला, "आवरा की बाई." मी आवरलं नाही. पूर्ण नाव लिहिलं.

निकाल लागलेला नाही. तारखा पडतात, त्या दिवसाचा रोज बुडतो. दादा एकदा कचेरीच्या दारात आडवा आला. "माहेर पायजे का जमीन? एकच सांग."

"जमीन."

तेव्हापासून त्या घराचं दार मला बंद आहे. असू दे. पण त्यांचं काही माझ्याकडं ठेवायचं नव्हतं. साडी कधीच विरली होती. तिची किंमत धरली, त्यात पाचशे एक घातले आणि दादाच्या नावानं मनिऑर्डर केली. निरोपाच्या जागेत माझ्या वाकड्या अक्षरात लिहिलं, "साडीचे आणि रोख घेतलेले परत. वाटा सोडलेला नाही. सोडणार नाही."

आठवड्यानं पोचपावती आली. खाली दादाची सही. सगळे पैसे फिटले.