दारातला बल्ब आणि माळ्यावरचा

लातूरच्या आमच्या घरात दोन गोष्टी मी आयुष्यभर जपून वापरल्या, वीज आणि शब्द. विजेसाठी मात्र तोंड उघडायचो. "त्या खोलीत कोण बसलंय? मग लाईट कुणासाठी?" पाहुणे आत असताना एकदा बाथरूमचं बटणही बाहेरून बंद केलंय मी.

माय मुखेडहून राहायला आली, ती आपली सवय घेऊन. दिवेलागणीला दारातला बल्ब लावायचा आणि त्याला हात जोडायचे. दिवाळीनंतरचं बिल फुगून आलं, तसा मी ते घेऊन तिच्यापुढं उभा राहिलो.

"माय, हा तुझा बल्ब."

"एवढुसा बल्ब एवढं खातो व्हय रे? आन् दिवेलागणीला दारात अंधार असला तर मानसं म्हनतील, घरात कुनी हाय का न्हाई?"

मी स्टुलावर चढून बल्बच काढला. त्या संध्याकाळी तिनं रिकाम्या होल्डरला हात जोडले. बायको आधी हसली, मग आत निघून गेली.

बल्ब तिच्या हाती लागू नये म्हणून दुसऱ्या दिवशी मी तो माळ्यावर लपवायला गेलो. माळ्याचं दार उघडलं आणि डोळेच दिपले. दिवाळी संपल्यावर आकाशकंदील ठेवायला मीच वर आलो होतो. तेव्हा लावलेला जुना शंभर वॅटचा पिवळा बल्ब अजून गाद्यांवर ऊन पाडत होता! माझ्या हातात जप्त केलेला नऊचा. शंभरचा विझवला, खाली उतरलो आणि कुणाला काही बोललो नाही.

पुढचं बिल उतरलं. तेव्हा तरी बोलायचं होतं. मी काय म्हणालो? "बघा, सांगत नव्हतो?" माय शेजारणीला म्हणाली, "माझ्यापायीच येत होतं बाई." ते मी आतून ऐकलं.

संक्रांतीच्या आधी एका दुपारी तिनं पिशवी भरली. दारात ऑटो आला.

"परत कधी येशील?"

"बघू. तिथं माझं दार हाय, तिथं दिवा लागतो."

ती एक पाय ऑटोत ठेवते न ठेवते, तोच माझं तोंड उघडलं. "माय, बिल तुझ्या बल्बानं न्हाई, माझ्या बल्बानं आलं. माळ्यावरचा चालूच राहिला होता."

"कवा कळलं तुला?"

"तुझा काढला, त्याच्या दुसऱ्याच दिवशी."

तिनं पाय मागं घेतला. ऑटोवाल्याला म्हणाली, "तू जा बाबा, हितं येळ लागंल." मग माझ्याकडं वळली. "आन माझा बल्ब. लाव."

"आत्ता? भर दुपारी?"

"हाव, भर दुपारी. लई दिसांचा राहिलाय."

लावला. हातही जोडले. "अहो, बल्बाला काय जोडता?" बायको म्हणाली, "आईंना जोडा."

आता दिवेलागणीला बटण मीच दाबतो. जेवणं झाली की बंद करायची आठवण माय करून देते आणि वर रोज विचारते, "माळ्यावरचा बघितलास का?"