दाईच्या हातातला प्याला

माझ्या वहिनीने एकाच नाटकात चार वेळा काम केलं आणि चारही वेळा ते नाटक वेगळंच निघालं. तसं ते चारशे वर्षांपूर्वीचं, इंग्लंडात एलिझाबेथ राणीच्या काळात लिहिलेलं. एका राजाच्या डोक्यात संशय शिरतो आणि शेवटच्या अंकात तो आपल्याच राणीला विष पाठवतो. प्याला घेऊन येते राणीची म्हातारी दाई. राणी पिते, मरते, राजकन्या उशाशी बसून लांबलचक भाषण करते आणि पडदा पडतो. पण प्याल्यात काय आहे हे दाईला ठाऊक असतं की नसतं, ते लिहिणाऱ्याने कुठेच सांगितलेलं नाही. तो लिहून मोकळा झाला आणि पुढचे सगळे दिग्दर्शक अडकून बसले.

वहिनी पहिल्यांदा त्यात उभी राहिली तेव्हा ती नुकतीच लग्न होऊन आमच्या घरी आली होती आणि मी शाळेत होते. हातात दिवा धरायचा आणि एकच वाक्य बोलायचं, एवढंच तिचं काम. तेव्हाचे दिग्दर्शक दाढीवाले आणि भारी हळवे होते. त्यांच्या मते दाई भोळी, तिला काहीच माहीत नाही. त्यामुळे राणी मेल्यावर दाई इतका वेळ ऊर बडवायची, की एकदा मेलेल्या राणीला शिंक आली.

मग आले कामगारांच्या सभांमध्ये तयार झालेले दिग्दर्शक. त्यांनी राजाला कारखानदार केला आणि दाईला सगळं ठाऊक आहे असं ठरवून टाकलं. जन्मभर राबलेली बाई आता सूड उगवते आहे, म्हणत दाई हसत हसत प्याला आणायची आणि मागच्या रांगांतून टाळ्या पडायच्या. वहिनी त्यात राजकन्या होती. दादाला ते मुळीच पटलं नाही. त्यावरून दोघांचं चांगलंच वाजलं आणि निरोपांची ने-आण माझ्याकडे आली. पुढे मी टेलिफोन कार्यालयात लागले आणि जन्मभर तेच केलं.

तिसऱ्या वेळी वहिनी राणी झाली. रंगमंच रिकामा, दोन खुर्च्या, प्यालासुद्धा नाही. दाई रिकामा हात पुढे करायची आणि वहिनी रिकामी ओंजळ तोंडाला लावायची. तेवढ्याने लोक डोळे पुसायचे. दाईला ठाऊक आहे का, असं विचारलं की ते दिग्दर्शक म्हणायचे, ठाऊक असणं आणि नसणं एकच. आमच्या कार्यालयात असं उत्तर दिलं असतं तर मला घरी बसवलं असतं. पण ती राणी वहिनीच्या अंगात मुरली. दौऱ्यांवर, तापात, दादा गेला त्यानंतरही, ती वर्षानुवर्षं ती ओंजळ पीत राहिली.

आणि आता या वर्षी दाई.

नवा दिग्दर्शक तिशीचा, हुशार आणि बोलताना समोरच्याकडे कधीही न बघणारा. त्याने नाटक रुग्णालयात नेलं. राजा पांढऱ्या कोटात, राणी खाटेवर, प्याल्याऐवजी साधा काचेचा पेला. त्याची दाई म्हणजे तिथली जुनी परिचारिका. तिला सगळं ठाऊक आहे, तरी ती पेला देते, कारण वरून सांगितलेलं आजवर तिने कधी मोडलेलं नाही. मला ते पटलं, पण मी कबूल केलं नाही.

आम्ही दोघीच राहतो. रोज दुपारी चहा झाला की मी संहिता घेऊन बसायची आणि वहिनी पाठांतर म्हणायची. सुरुवातीला ती मध्येच राजकन्येचं वाक्य बोलायची, कधी राणीचं. मी हसायची. एका डोक्यात तीन बायका नांदतात, भांड्याला भांडं लागणारच, म्हणायची. मग एके दिवशी तिने मला माझ्या आईच्या नावाने हाक मारली. आणि त्याच आठवड्यात ती न्हाणीघरातून बाहेर आली आणि बोळकंडीत उभीच राहिली. स्वयंपाकघराचं दार कुठलं, ते तिला कळेना. मी तिला हाताला धरून आत आणलं.

"डॉक्टरांकडे जाऊ या, वहिनी."

"प्रयोगाआधी नाही. कळलं तर काढतील मला."

"काढू देत. काम काय मोठं लागून गेलंय?"

ती खुर्चीत बसली. "तू पेन्शन घेतलीस आणि मजेत राहिलीस. मला ते जमायचं नाही. हे गेलं तर मी सकाळी उठू कशाला?"

कुणाला सांगणार नाही, असं मी कबूल केलं आणि तेव्हापासून माझी झोप उडाली. तालमीत ती चुकत नव्हती, हे खरं. दिग्दर्शक तिच्यावर खूश होता. मी मात्र प्रत्येक तालमीला विंगेत बसून ओठांनी तिची वाक्यं म्हणत असायची आणि घरी आल्यावर माझाच घसा दुखायचा.

पहिला प्रयोग दुपारचा होता. नाट्यगृह भरलेलं. दोन अंक वहिनीने असे काही केले, की मला स्वतःचीच लाज वाटली. म्हटलं, उगाच जीव टांगणीला लावून घेतला. तिसऱ्या अंकात ती माझ्या शेजारून पेला घेऊन आत गेली. जाताना माझ्याकडे बघून किंचित हसलीसुद्धा.

खाटेपाशी जाऊन ती थांबली. राणीचं काम करणाऱ्या मुलीने हात पुढे केला. इथे दाईने म्हणायचं होतं, 'घ्या, बाईसाहेब.' वहिनी बोलली नाही. मी विंगेतून वाक्य सांगितलं. पुन्हा सांगितलं. तिने राणीकडे बघितलं, पांढऱ्या कोटातल्या राजाकडे बघितलं, मग पेल्याकडे. तिचा चेहरा बोळकंडीतल्यासारखा झाला होता. आता पडदा पाडावा लागणार, म्हणून मी उठलेच. तेवढ्यात तिने पेला स्वतःच्या तोंडाला लावला आणि सगळा पिऊन टाकला.

वहिनी हळूच खाटेच्या कडेवर बसली आणि आडवी झाली. राजा मुरलेला नट होता, त्याने पुढचं वाक्य तिच्याकडे बघत म्हटलं. राणीनेही डोकं चालवलं. वहिनीच्या हातातून पेला सोडवून घेतला, तळाशी राहिलेला थेंब जिभेवर घेतला आणि तिच्या कुशीत मेली. राजकन्येने एकाऐवजी दोघींच्या उशाशी भाषण केलं आणि पडदा पडला. टाळ्या थांबेनात.

दिग्दर्शक मेकअपच्या खोलीत आला तो डोळे पुसत. पहिल्यांदाच त्याने वहिनीकडे नीट बघितलं. "ताई, चारशे वर्षांत हे कुणाला सुचलं नसेल. दाई देत नाही, स्वतः पिते. मला आधी सांगितलं का नाही? उद्यापासून रोज असंच." आणि तो पत्रकारांना भेटायला गेला. मला त्याच्या कानाखाली वाजवावीशी वाटली, आणि त्याचं काही चुकलेलं नव्हतं.

वहिनी आरशासमोर बसून कापसाने रंग पुसत होती. मी दार लावून घेतलं.

"अंगवळणी पडलंय गं," मी म्हटलं. "इतकी वर्षं राणी होतीस. हात आपोआप तोंडाकडे गेला. होतं असं."

"नाही." तिने कापूस खाली ठेवला. "पेल्यात काय आहे ते आठवत होतं. तो द्यायचा कुणाला, तेवढंच आठवेना. त्या दोघांत कोण कोण, काही कळेना. भलत्याच माणसाला गेला असता तर?"

मला एकदम रडू आलं. तिने मला रडू दिलं आणि अर्धा रंग पुसलेल्या तोंडाने माझ्या पाठीवरून हात फिरवत राहिली. लहानपणी मला ताप आला की अशीच फिरवायची.

"उद्याही तसंच करायचं म्हणतोय तो," ती म्हणाली. "तुझ्या लक्षात आहे ना, मी काय काय केलं ते?"

"आहे."

"मग उद्या सकाळी डॉक्टरांकडे जाऊ. तूच सांग त्यांना सगळं. आणि मग त्यालाही सांग."

मी तिच्या गालावरचा उरलेला रंग पुसला आणि तिची चप्पल शोधून दिली.