बापाचं भाषण

दुसरं महायुद्ध संपल्यावर इंग्लंडात जेवढे रहस्यपट निघाले, त्यातल्या निम्म्यांत क्लेमंट ऑटवे हवालदार म्हणून दारात उभा आहे. नाव कुणाला ठाऊक नाही. पण बसमध्ये त्याला बघून भले भले लोक उगीच खिशातलं तिकीट चाचपत. एकदा चोराची भूमिका मिळता मिळता राहिली. दिग्दर्शक म्हणाला, "हा स्वतःलाच पकडून नेईल."

साठीला टेकल्यावर मात्र टेलिव्हिजनच्या एका नाटकात त्याला बापाचं काम मिळालं. मुलगा खाणीत दगावलेला आणि चौकशीच्या खोलीत बापाचं पानभर भाषण. एवढं सलग तो जन्मात बोलला नव्हता. बायको एड्ना बटाटे सोलता सोलता पाठांतर घेई. "पुन्हा म्हण. आणि छाती कसली काढतोस? पोरगं गेलंय तुझं!"

तेव्हा ही नाटकं थेट दाखवत. रविवारी एकदा, आणि गुरुवारी सगळ्यांनी जमून पुन्हा पहिल्यापासून. चुकलं ते घरोघरी चुकलं.

रविवारी क्लेमंट उठला, पहिली वाक्यं सुरेख बोलला आणि डोकं कोरं झालं. प्रसारणाचा आवाज क्षणभर बंद करून पुढचं वाक्य सांगायला एक बाई बसलेली असे. तिने सांगितलंही, ह्याला ऐकूच गेलं नाही. मग इतक्या वर्षांची सवय आपणहून मदतीला धावली. क्लेमंट कडाडला, "कुणीही खोलीबाहेर जायचं नाही!"

आईचं काम करणारी नटी रुमालात तोंड खुपसून गदगदा हलू लागली. प्रेक्षकांना ते रडणं वाटलं, एवढंच नशीब.

सोमवारी दिग्दर्शक रॉडनी हॅसलने त्याला बोलावलं.

"क्लेम, गुरुवारी बापाचं काम बर्ट्रम करेल."

"मला सगळं येतंय रे आता."

"रविवारीही येतच होतं ना? हे बघ, दारात एक हवालदार टाकतोय. करशील?"

नाही म्हणायलाच क्लेमंटने तोंड उघडलं होतं. "करेन," तो म्हणाला.

गुरुवारी बर्ट्रमचा एक शब्द इकडचा तिकडे झाला नाही. क्लेमंट घरी आला तेव्हा शेजाऱ्यांकडे नाटक बघून आलेली एड्ना चहा ओतत होती.

"कसा झाला बर्ट्रम?"

"मी कुठे त्याला बघितलं? मागे दारात तू होतास. ओठ हलत होते तुझे."

क्लेमंट कोट काढता काढता थांबला. "कुठपर्यंत?"

"शेवटपर्यंत," एड्ना म्हणाली.