शुक्रवार, संध्याकाळी सात

हेलसिंकीतल्या आमच्या इमारतीची देखभाल माझ्याकडे. पाइप तुंबला की वेइक्को, बर्फ साठला की वेइक्को! तळघरातल्या सौनाच्या, म्हणजे वाफ घ्यायच्या खोलीच्या, वेळांची यादीही मीच ठेवतो, आणि हे सगळं रामायण त्या यादीवरूनच झालं.

तिसऱ्या मजल्यावरच्या रायलीबाईंनी तीस वर्षं एका प्रवासी कचेरीत लोकांच्या सहली आखल्या. निवृत्त झाल्या तरी अख्खी इमारत सल्ल्याला त्यांच्याच दारात. सौनात त्यांची आणि नवऱ्याची, ताउनोची, वेळ शुक्रवारी संध्याकाळी सातची. एकोणीस वर्षं तीच. ताउनो वरच्या फळीवर बसायचा आणि तापल्या दगडांवर पाणी ओतायचं काम बाईंचं.

मागच्या वर्षी ताउनो इस्पितळात होता. पाचव्या मजल्यावरची सिर्का माझ्याकडे आली. "रायलीची वेळ रिकामीच जाते की रे. वापरत नाहीत, तर मला दे." मी गाढव, दिली! रिकामी वेळ एकदा दुसऱ्याच्या नावावर चढली की नवी यादी लागेपर्यंत हलत नाही. ताउनोला घरी सोडलं ते डॉक्टरांनी हात टेकल्यावरच. "शुक्रवारी एकदा मला खाली ने," एवढंच त्याचं मागणं. शुक्रवार म्हणजे शुक्रवार, दुसरा वार त्याला चालायचा नाही. बाई सिर्काकडे एका संध्याकाळपुरतं विचारायला गेल्या.

"अगं, माझ्या मैत्रिणी यायच्यात," सिर्का म्हणाली. "पुढच्या आठवड्यात बघू."

पुढच्या आठवड्यात ताउनो नव्हता. सिर्काच्या टाळक्यात फावडं घालावंसं मलाच वाटत होतं.

डिसेंबरात मी बाईंच्या घरी खोली तापवणाऱ्या रेडिएटरमधली हवा काढत होतो, तर लाज कोळून प्यायलेली ही सिर्का हजर. "रायली, आम्हा नवरा-बायकोला समुद्रापलीकडे टालिनला दोन-तीन दिवस मस्त उबेत लोळायचंय. तुझ्यासारखं कुणाला जमतं का?"

मला वाटलं, आता उकळती कॉफी हिच्या तोंडावर जाते. बाईंनी वही काढली.

"जानेवारीतला दुसरा शुक्रवार धर, गर्दी नसते. सकाळची बोट. जुन्या गावात शेकोटीवालं हॉटेल, खिडकीतून चौक दिसेल अशी खोली. शनिवारी मेणबत्त्यांच्या उजेडात रानडुकराचा रस्सा. रविवारी घाई करू नकोस, रात्रीच्या बोटीने ये. आणि फोन बंद ठेव गं, नाहीतर विश्रांती कसली!"

सिर्काने त्यांना मिठीच मारली. माझ्या हातातला पाना खाली पडला. जानेवारीतल्या दुसऱ्या शुक्रवारीच दुपारी मी नवी यादी लावतो. ज्याच्या नावावर वेळ आहे, त्याने रविवारी संध्याकाळी सहापर्यंत स्वतः येऊन सही केली नाही, तर वेळ मोकळी. तशी सूचना जिन्यापाशी लावलेलीच होती, पण सिर्का कसली वाचतेय!

"वेइक्को," बाई शांतपणे म्हणाल्या, "पाना उचल."

मी उचलला, आणि तोंडही बंद ठेवलं. जानेवारीतल्या त्या रविवारी सहा वाजून एक मिनिटाने बाई स्वतःचं पेन घेऊन खाली आल्या. शुक्रवारी सातच्या रकान्यात त्यांनी दोन नावं लिहिली.

पुढच्या शुक्रवारी सिर्का टॉवेल घेऊन मैत्रिणींसकट खाली उतरली आणि दार बडवायला लागली. "रायली! माझी वेळ आहे ही!"

"रिकामीच जात होती गं," आतून आवाज आला. "मला वाटलं, वापरत नाहीस."

"अगं, मैत्रिणी आल्यात माझ्या! आजच्या दिवस तरी!"

"पुढच्या आठवड्यात बघू."

सिर्का पाय आपटत वर गेली. मला हसू आवरेना. तेवढ्यात आत दगडांवर पाणी चरचरलं, आणि बाईंचा हळू आवाज आला.

"ताउनो, अजून एक ओतू?"