जित्या बाईला उदबत्ती

थोआनं चौदा वर्षं दुसऱ्यांच्या हाताखाली सिनेमातली घरं उभी केली. नव्या भिंतीला चहाचं पाणी मारून जुनं करायचं, कोऱ्या मडक्याला चुलीचा धूर द्यायचा, सगळं तिनं. पडद्यावर नाव मात्र साहेबांचं. चाळिशीत एकदाचं कलादिग्दर्शक म्हणून स्वतःचं काम मिळालं, आणि तिसऱ्याच दिवशी बाईनं आपल्या हातानं घात करून घेतला.

हनोईच्या दक्षिणेला नाम दिन्ह गावातल्या एका जुन्या घरात शूटिंग होतं. गोष्टीतली आई वारलेली, तिचा फोटो पूर्वजांच्या देव्हाऱ्यात, मुलगा उदबत्ती लावतो, एवढंच दृश्य. आईचं काम बिक आजींचं, म्हणून फोटोही त्यांचाच. थोआला खोटं काही खपायचं नाही. धूर कसा चढतो ते बघायला तिनं सकाळीच तीन खऱ्या उदबत्त्या पेटवल्या, आणि नेमक्या तेव्हाच आजी आत आल्या.

"अगं सटवे! दोन्ही वेळचा भात जातोय मला, आणि मला धूप घालतेस?"

बहात्तर वर्षांची म्हातारी दोन्ही हातांनी धूर परतवत होती. जित्या माणसापुढे उदबत्ती म्हणजे मरणाला आवतणच की!

"चुकले, आजी. विझवते."

"विझवून काय? धूर गेला की वर! तो फोटो उतरव, नाहीतर मी निघाले."

दिग्दर्शक लाप घड्याळ बघत आला. अंगणातलं ऊन दहाला देव्हाऱ्यावर यायचं, वीस मिनिटांत सरकायचं. घरही आजच्यापुरतंच मिळालेलं.

"ताई, आई ओळखू आली पाहिजे. दहाला तयार नसेल तर हनोईहून तुझ्या जुन्या साहेबांना बोलावतो. वाईट वाटेल मला, पण बोलावीन."

तेव्हा साडेआठ झाले होते.

थोआचा बाप काजळीची पूड कुंचल्यावर घेऊन मेलेल्यांची चित्रं काढायचा. डोळ्यांतल्या बाहुल्या सगळ्यात शेवटी. तोवर म्हणायचा, "हा अजून कुणीच नाही." थोआनं फोटो उतरवला, कंदिलाची काजळी खरवडली नि आजींचा चेहरा कागदावर काढायला ती जमिनीवर बसली. आजी बाजूला चहा घेऊन पहाऱ्याला.

"एवढं नकटं नाही हं माझं नाक."

"आजी, बाहुल्या काढतच नाही. मग ही तुम्ही नाहीच. कितीही धूप घाला, तुम्हाला पोचणार नाही."

"आणि मागनं कुणी काढल्या तर?"

"चित्र तुम्हीच न्या. जाळा, फाडा."

आजींनी चहाचा घोट घेतला. उठून गेल्या नाहीत.

दहाला पाच कमी असताना चित्राची फ्रेम देव्हाऱ्यात चढली. थोआनं दोन्ही बाजूंना दिवे ठेवले. फ्रेमच्या काचेत ज्योतींची प्रतिबिंबं पडली ती चित्रातल्या गालांवर. एक दिवा बोटभर सरकवला, ज्योत कपाळावर. ऊन उंबऱ्यावरून आत आलं. तिनं दुसरा दिवा मागं घेतला. अखेर एकेक ज्योत एकेका डोळ्यावर बसली.

लाप कॅमेऱ्यात बघून म्हणाला, "डोळे कुठायत?"

"दोन दिवे तेवतायत ना तिथं? मेलेल्या आईचे आणखी कसे असतात?"

लाप उन्हाकडे बघत राहिला. मग आजींकडे.

आजी सावकाश देव्हाऱ्यापाशी गेल्या. एका बाजूनं पाहिलं, दुसऱ्या बाजूनं पाहिलं. ऊन फ्रेमच्या कडेला टेकलेलं, आणि म्हातारीला घाई म्हणून नाही.

"ही आंधळी कोण, मला ठाऊक नाही. लावा तिला उदबत्ती."

ऊन हटायच्या आत दृश्य झालं. लापनं हनोईला फोन केला नाही. जाता जाता थोआच्या कानाशी लागला, "उद्या आजींना शवपेटीत निजवायचंय. काय करणार ते आजच ठरव."

"ऐकू येतं मला अजून!" चित्र बगलेत मारत बिक आजी दारातून ओरडल्या.